डाव्या बाजूचा तुकडा

वार्षिकाच्या मराठी विभागाकरिता माजी विद्यार्थ्यांपैकी कोणीतरी दोन शब्द लिहावेत, असा निरोप मला आला, तेव्हा एखादा उपयुक्त विषय निवडावा असे प्रथम मनात आले. मी आयुष्यभर जीवशास्त्र शिकविले आहे. बुरशी, शेवाळ, अळंबी यांजवर चार पाने लिहिणे मला जड नाही. पण अळंबी हा शब्द कागदावर उतरला की माझ्या डोळ्यांपुढे नेहमी एकच अळंबे उभे राहते, आणि ते कोणत्याही रानात उगवलेले नाही. ते एका गणिताच्या अध्यापकाच्या कल्पनेत उगवले व एका गोष्टीच्या पुस्तकात वाढले. त्या अळंब्यापायी मी माझ्या धाकट्या भावाशी कसा वागलो, हे आमच्या घराबाहेर मी आजवर कोणास सांगितलेले नाही. विद्यार्थी मित्रहो, आज ते तुम्हांस सांगतो.

सन १९६८ ची गोष्ट. मी सातव्या इयत्तेत होतो व शाळेच्या वसतिगृहात राहत होतो. वर्षारंभीच्या बक्षीस-समारंभात इंग्रजी विषयाबद्दल मला एक पुस्तक मिळाले. तांबड्या कापडी बांधणीचे, आत जागोजागी चित्रे असलेले ते पुस्तक मी कित्येक दिवस उशाशी घेऊन निजत असे. आमच्या घरी तोवर पंचांग, आजोबांच्या दोन पोथ्या आणि आम्हां मुलांची पाठ्यपुस्तके एवढीच ग्रंथसंपत्ती होती. तेव्हा केवळ मौजेसाठी छापलेले पुस्तक असू शकते, हेच मला नवल वाटले. माझे इंग्रजी बेताचेच. प्रत्येक पानावर दहा-बारा शब्द कोशात पाहावे लागत; आणि कोशात न सापडणारे शब्द आमच्या इंग्रजीच्या बाई हसून समजावून देत. ग्रंथकाराने निम्मे शब्द स्वतःच बनविले आहेत की काय, असा मला संशय येई.

ते पुस्तक म्हणजे ॲलिस नावाच्या मुलीची अद्भुतनगरीतील सफर. मुखपृष्ठावर ग्रंथकाराचे नाव लुइस कॅरोल असे असले तरी ते टोपणनाव होय. खरे नाव चार्ल्स लटविज डॉजसन; हे गृहस्थ ऑक्सफर्ड येथील क्राइस्ट चर्च महाविद्यालयात गणित शिकवीत. ४ जुलै १८६२ रोजी महाविद्यालयाच्या प्रमुखांच्या तीन मुलींना घेऊन ते नदीवर नौकाविहारास गेले असता मुलींनी गोष्टीचा हट्ट धरला, आणि नाव चालता चालता ही कथा रचली गेली. तिघींपैकी मधल्या दहा वर्षांच्या मुलीचे नाव ॲलिस. तिच्या आग्रहावरून डॉजसन यांनी ती कथा स्वहस्ते लिहून व स्वतःच चित्रे काढून १८६४ च्या नोव्हेंबरात तिला भेट दिली. पुढच्याच वर्षी जॉन टेनियल यांच्या चित्रांसह ती छापून निघाली. मूळ हस्तलिखित आज लंडन येथील ब्रिटिश लायब्ररीत जतन करून ठेवलेले आहे.

आता त्या अळंब्याविषयी. पाचव्या प्रकरणाच्या सुमारास ॲलिस अवघी तीन इंच उंच होऊन बसलेली असते, आणि खाण्यापिण्याजोगे काही सापडते का ते पाहत हिंडत असता तिला आपल्याच उंचीचे एक अळंबे दिसते. चवड्यांवर उभे राहून ती वर डोकावते, तो छत्रीवर हाताची घडी घालून एक मोठा निळा सुरवंट स्वस्थपणे हुक्का ओढीत बसलेला! दोघांचे बरेच तऱ्हेवाईक संभाषण झाल्यावर सुरवंट छत्रीवरून उतरतो आणि गवतात शिरता शिरता सांगतो की एका बाजूने तुझी उंची वाढेल व दुसऱ्या बाजूने घटेल. कशाची बाजू, असे ॲलिस नुसते मनात म्हणते. पण जणू तिने मोठ्याने विचारले असावे तसा तो उत्तर देतो, अळंब्याची. आणि दिसेनासा होतो. अळंबे तर चांगले वाटोळे गरगरीत. त्याच्या दोन बाजू कोणत्या? शेवटी ॲलिस दोन्ही बाहू पसरून त्याला कवटाळते आणि दोन्ही हातांनी कडेचा एकेक तुकडा तोडून घेते. उजव्या हातातला तुकडा चाखताच तिची हनुवटी पावलांवर आदळते. डाव्या हातातल्या तुकड्याने मान झाडांच्या शेंड्यांवर जाते, आणि एक कबुतरीण तिला सर्प समजून अंगावर येते.

अद्भुतनगरीत उंची बदलणाऱ्या वस्तू काही थोड्या नाहीत. बाटलीतले पेय आहे, केक आहे, सशाचा पंखाही आहे. परंतु त्या साऱ्या ॲलिसला वाटेल तशा ताणतात आणि दाबतात. तिला बिचारीला त्यांवर काडीचा अधिकार नाही. अळंबे हाती आले आणि ती प्रथमच आपल्या उंचीची मालकीण झाली. इकडचा कण, तिकडचा कण असे कुरतडीत ती बेतशीर उंचीवर येते: सरदारणीच्या घरात शिरावयाचे तर नऊ इंच, त्याहून मोठ्या घराकडे जावयाचे तर दोन फूट, आणि बागेच्या इवल्या दारातून आत जावयाचे तर सुमारे एक फूट. त्या वेळेपर्यंत तिने एक तुकडा खिशात जपून ठेवला होता, हे ग्रंथकार कंसात हळूच सांगून टाकतो. हा कंस, वाचकहो, कृपा करून ध्यानात ठेवा.

गंमत अशी की मूळ हस्तलिखितात डाव्या-उजव्याची भानगडच नव्हती. तेथे छत्री खाल्ली की वाढावयाचे आणि देठ खाल्ला की घटावयाचे, असा सरळ हिशेब आहे. छापतेवेळी गणिताच्या अध्यापकांनी तो काढून वर्तुळाला बाजू पाडण्याचे कोडे घातले. हे मला फार पुढे कळले. आधी कळले असते तरी आमच्या हातून व्हावयाचे ते झालेच असते.

गणपतीच्या सुट्टीत मी पुस्तक घेऊन गावी गेलो. आमचे गाव रत्नागिरी जिल्ह्यात, समुद्रापासून थोडे आत. माझा धाकटा भाऊ तेव्हा तिसरीत होता; घरात त्याला सगळे बाळ म्हणत. बाळ आपल्या वर्गात सर्वांत ठेंगणा. प्रार्थनेच्या रांगेत पहिला त्याचा क्रमांक, आणि हुतूतूच्या गड्यांची निवड होताना शेवटचा. पुष्कळदा तर तोही नाही. माजघराच्या दाराच्या चौकटीवर आम्हां दोघांच्या उंचीच्या पेन्सिलीच्या रेघा होत्या. मी प्रत्येक सुट्टीत घरी आलो की प्रथम त्याला चौकटीशी उभे राहावयाचे असे. माझ्या रेघा शिडीच्या पायऱ्यांप्रमाणे वर वर गेल्या होत्या. त्याच्या इतक्या जवळजवळ होत्या की एकीवर दुसरी काढल्यासारखी दिसे.

दररोज संध्याकाळी ओटीवर बसून मी त्याला ॲलिसची गोष्ट मराठीत सांगू लागलो. मला जेथे इंग्रजी समजत नसे तेथे मी आपल्या पदरचे घालीत असे, व त्याला ते कळत नसे. कोणी आपल्या तोंडाकडे टक लावून पाहत आहे आणि आपण सांगू ते खरे मानीत आहे, हे सुख मला त्या वेळी प्रथम लाभले. अळंब्याचा प्रसंग आला तेव्हा बाळने मला मध्येच अडविले.

“दादा, गोल वस्तूला बाजू कुठून आल्या?”

“तिने दोन हात पसरले ना? हा डावा, हा उजवा.”

“पण ती पलीकडे जाऊन उभी राहिली असती तर डावा तिकडे आणि उजवा इकडे आला असता.”

मजजवळ उत्तर नव्हते. पण गोष्ट सांगणाऱ्याने निरुत्तर होऊन कसे चालेल? “तू मध्ये मध्ये बोलू नकोस,” असे म्हणून मी पुढे वाचू लागलो.

गणपतीच्या दुसऱ्या दिवशी दुपारी जेवणे उरकून वडील मंडळी आडवी झाली होती. पावसाने जरा उघडीप दिली होती. एवढ्यात बाळ परसातून धावत आला आणि माझा हात धरून ओढीत म्हणाला, “दादा, सुरवंटाची छत्री उगवली आहे!” गोठ्यामागच्या गवतात ती खरोखरच उगवली होती, एक नव्हे, सात-आठ, अर्धवट कडे धरून. सर्वांत मोठी बशीएवढी रुंद, पांढरी, वर मध्यभागी तपकिरी खवले आणि देठाला चुडा चढवावा तसे कडे. आदल्या दिवशी तेथे काही नव्हते, असे बाळ शपथेवर सांगत होता.

आता येथे मला अज्ञानाची सबब सांगता येत नाही. आमची आजी दर पावसाळ्यात वारुळावरची अळंबी ओळखून आणी आणि ओले खोबरे घालून त्यांची भाजी करी. परंतु परसात उगवणाऱ्या ह्या छत्र्यांना ती कुत्र्याच्या छत्र्या म्हणे, आणि त्यांना हात लावलात तर हात धुवून या, असे आम्हांला बजावीत असे. हे मला पाठ होते. तरीही मी गुडघे टेकले, ॲलिसप्रमाणे दोन्ही हात मोठ्या थाटाने पसरले आणि त्या बशीच्या दोन्ही कडांचे तुकडे मोडून घेतले. डाव्या हातातला बाळपुढे केला.

“याने वाढतात,” मी म्हणालो.

“आणि तू?”

“माझी उंची पुरेशी आहे,” असे म्हणून उजव्या हातातला तुकडा मी सदऱ्याच्या खिशात टाकला. ॲलिसनेही टाकला होता.

खरे सांगावयाचे तर मला भय वाटले होते. जे स्वतःच्या तोंडात घालण्याचे मला धैर्य झाले नाही, ते मी त्याच्या हातावर ठेवले. माझे निम्मे मन थट्टा करीत होते, निम्म्याला काय होते ते पाहावयाचे होते; आणि त्याला मात्र खरोखर वाढावयाचे होते. त्याने तो तुकडा सगळा खाल्ला. “कच्च्या बटाट्यासारखे लागते,” एवढेच म्हणाला, आणि लगेच आपल्या पायांकडे पाहू लागला.

हे तीन वाजता. पाचच्या सुमारास त्याच्या पोटात कळा येऊ लागल्या, आणि मग वांत्या सुरू झाल्या त्या थांबेनात. सणाचे घर, जो तो म्हणे, मोदक बाधले. आजीने ओवा उकळून दिला. तोही पोटात ठरेना. आईने त्याला मांडीवर घेऊन विचारले, “बाळ, तू आज काय काय खाल्लेस?” त्याने माझ्याकडे पाहिले. मी भिंतीशी उभा होतो. मग डोळे मिटून तो म्हणाला, “मोदक.”

त्या क्षणी बोलावयास हवे होते. मी बोललो नाही. बाबांचा मार, आजीचा संताप, पाहुण्यांदेखत होणारी शोभा, हे सारे माझ्या डोळ्यांपुढे उभे होते. बाळची पांढरी पडलेली मुद्राही समोरच होती, पण ती पाहावी लागू नये म्हणून मी ओटीवर जाऊन बसलो. दिवेलागणीला हातपाय गार पडू लागले तेव्हा काका सायकल घेऊन शेजारच्या गावी डॉक्टरांकडे गेले. डॉक्टर येईपर्यंत मी तेथेच बसून होतो. कंदील लावावयासही मी उठलो नाही.

डॉक्टरांनी नाडी पाहिली, पोट दाबून पाहिले आणि दोनच प्रश्न विचारले: काय खाल्ले, आणि केव्हा खाल्ले? मोदकांचे नाव निघताच ते म्हणाले, “मोदक तर सर्वांनीच खाल्ले असतील. मग हा एकटाच का आजारी?” कोणी उत्तर देईना. त्यांची दृष्टी एकेकावरून फिरत माझ्यावर येऊन थांबली. मी काही बोललो नाही; बोलणे शक्यच नव्हते. खिशात हात घालून मी तो उजव्या बाजूचा तुकडा त्यांच्या तळहातावर ठेवला. तो दबून ओलसर झाला होता, आणि खालच्या पापुद्र्यांचा रंग कंदिलाच्या उजेडात हिरवट दिसत होता.

“केव्हा?”

“तीन वाजता.”

“आणि त्रास पाचला सुरू झाला?” त्यांनी आईला विचारले. तिने मान हलविली. डॉक्टरांचा चेहरा किंचित सैल पडला. ते बाबांना म्हणाले की जे अळंबे लवकर उपद्रव देते ते बहुधा पोटातच दंगा करून निघून जाते. खाल्ल्यावर रात्रभर गप्प राहून मग डोके वर काढणारे विष यकृत खाते, आणि तसे असते तर मी आज तुम्हांला काही आशा दिली नसती. मग माझ्याकडे वळून म्हणाले, “हे तू आधी सांगितले असतेस तर या पोराच्या अंगातले एवढे पाणी गेले नसते.” ते मध्यरात्रीपर्यंत बसून राहिले. मीठ व साखर घातलेले पाणी चमच्या-चमच्याने त्याला पाजले. ओकला की पुन्हा पाजावयाचे. चमचा धरण्याचे काम त्यांनी मला दिले.

बाबांनी मला मारले नाही. त्या रात्री ते माझ्याशी बोललेही नाहीत. पहाटे उठून आजीने कुदळ घेतली आणि गोठ्यामागचे ते सारे अळंब्यांचे कडे खणून पुरून टाकले. आई मात्र एकदा म्हणाली, “अरे, त्याने तुझे नाव घेतले नाही. तू तरी सांगायचेस.” हे शब्द आजही मला जसेच्या तसे ऐकू येतात.

मी पुढे जीवशास्त्राकडे वळलो त्याचे कारण हेच, असे म्हणणे नाटकी होईल. पण महाविद्यालयात अळंब्यांचे प्रकरण आले तेव्हा मी ते इतरांप्रमाणे परीक्षेपुरते वाचले नाही, हे खरे. हिरवट पापुद्रे, खवल्यांची पांढरी छत्री, देठावरचे कडे आणि गवतातली वस्ती यांवरून ते बहुधा क्लोरोफायलम मोलिब्डायटिस नावाचे अळंबे असावे. त्याची छत्री रात्रभर कागदावर पालथी घातली तर कागदावर हिरवट भुकटीचा ठसा उमटतो. कोवळेपणी पापुद्रे पांढरेच असतात, म्हणून खाण्याजोग्या अळंब्यांशी त्याची गल्लत होते. ते खाल्ल्यास एक ते तीन तासांत वांत्या होतात. त्याहून भयंकर जाती आहेत. युरोपातील ॲमॅनिटा फॅलॉइडिस ही त्यांत अग्रेसर. तिचे विष शिजवूनही जात नाही, आणि लक्षणे सहा तासांनंतर, कधी त्याहूनही उशिरा दिसू लागतात, तोवर आतले काम सुरू झालेले असते. चांदीचा रुपया टाकून किंवा लसूण घालून विष ओळखता येते, या समजुतीत तथ्य नाही. आजीची परीक्षा वेगळी होती: जे वारुळावर उगवलेले आपण ओळखतो तेवढेच आपले. वाळवी आपल्या वारुळात या बुरशीचे मळे राखते, आणि पावसात त्याच मळ्यांतून ती अळंबी वर येतात, हे आजीला ठाऊक नव्हते. पण जागा अचूक ठाऊक होती.

एका रात्रीत अळंबे कसे वाढते, याचाही उलगडा तेव्हाच झाला. त्याचा बहुतेक सर्व देह मातीत आधीच कळीरूपाने तयार झालेला असतो. पाऊस पडला की त्या घडीव पेशी पाणी शोषून फुगतात आणि छत्री वर येते. म्हणजे वाढण्याची विद्या अळंब्याजवळ आहे. ती खाणाऱ्यास देता येत नाही इतकेच. आपला देह किंवा भोवतालच्या वस्तू एकाएकी मोठ्या अथवा लहान झाल्याचा भास काही रुग्णांना होतो, त्या विकारास जॉन टॉड या वैद्यांनी १९५५ मध्ये ॲलिसचेच नाव दिले. पण तेथेही बदलतो तो भास, चौकटीवरची रेघ नव्हे.

आणखी एक गोष्ट मला मोठेपणी पुस्तक पुन्हा वाचताना दिसली. पहिल्या प्रकरणात बाटली हाती येते तेव्हा ॲलिस ती तोंडाला लावण्यापूर्वी तिच्यावर विष असे लिहिले आहे का, ते नीट पाहून घेते. अळंब्याच्या वेळी ती काहीच पाहत नाही. त्यावर चिठ्ठी कोण लावणार? तेथे सुरवंटाचा शब्द होता, आणि तो खरा निघाला. आमच्या परसात सुरवंटाच्या जागी मी होतो.

चौथ्या दिवशी बाळ उठला. पायांत बळ नव्हते. भिंत धरीत तो माजघराच्या दारापर्यंत गेला आणि चौकटीला पाठ लावून उभा राहिला. टाचा चिकटवून, मान ताठ करून. “दादा, रेघ काढ.”

मी पेन्सिल आणली. त्याच्या डोक्यावर पट्टी आडवी धरली. क्षणभर मनात आले की पट्टी बोटभर वर धरावी. कोण पाहणार आहे? पण पट्टी जेथे टेकली होती तेथेच मी पेन्सिल ओढली, आणि ती रेघ मे महिन्यातल्या रेघेवर तंतोतंत बसली. तो वळला, त्याने चौकटीजवळ डोळे नेऊन ती रेघ बराच वेळ पाहिली.

“वाढलो नाही,” तो म्हणाला.

“नाही रे.”

तो थोडा वेळ विचारात पडला. मग मोठ्या समजूतदारपणे म्हणाला, “मी तुला म्हटले होते, दादा. आपण पलीकडच्या बाजूने उभे राहायला हवे होते.”